फिरत्या नाटकाचा मालक : ह्यूबर्ट ओगुंडे

12 जून 1944 रोजी लागोसमधल्या ग्लोव्हर मेमोरियल हॉलमध्ये एका चर्चच्या इमारत निधीसाठी संगीत नाटकाचा प्रयोग झाला. विषय बायबलमधला, आदम आणि हव्वेचा. गाणी योरुबा भाषेतली. नाटक लिहिणारा, त्याला चाली लावणारा आणि ते बसवणारा माणूस ब्रिटिश वसाहतीच्या पोलीस दलात साधा शिपाई होता. वय तिशीच्या आतलं. त्याचं नाव ह्यूबर्ट अदेदेजी ओगुंडे. प्रयोग इतका रंगला की लोकांनी पुन्हा पुन्हा मागणी केली, आणि वर्ष-दीड वर्षात या शिपायाने पोलिसाची नोकरी सोडून नाटक हाच धंदा पत्करला. आधुनिक नायजेरियात तोवर असं कुणी केलेलं नव्हतं.

पश्चिम आफ्रिकेतलं नाटक म्हटलं की आपल्याकडच्या वाचकाला एकच नाव आठवतं, वोले सोयिंका. ते साहजिकही आहे. 1986 सालचं साहित्याचं नोबेल त्यांना मिळालं, ते इंग्रजीत लिहितात आणि त्यांची नाटकं विद्यापीठांत शिकवली जातात. पण नायजेरियात नाटक पाहायला तिकीट काढून जायचं असतं, त्यावर माणसांची पोटं भरू शकतात, आणि त्या नाटकाला सरकारही घाबरू शकतं, या तीन गोष्टी सोयिंकांच्या आधी ओगुंडेंनी दाखवून दिल्या होत्या. त्यांच्या देशात त्यांना आधुनिक रंगभूमीचे जनक म्हणतात. अशा पदव्या स्वस्तात वाटल्या जातात हे खरं, पण या माणसाच्या बाबतीत ती शोभते.

ओगुंडेंचा जन्म 1916 सालचा. गाव ओसोसा, लागोसच्या ईशान्येला इजेबू-ओडे या मोठ्या गावाजवळचं. वडील बाप्टिस्ट पंथाचे धर्मोपदेशक आणि चर्चमध्ये ऑर्गन वाजवणारे, तर आईकडचे आजोबा जुन्या योरुबा धर्माचे पुजारी. पोराचं लहानपण या दोन्ही घरांत गेलं. एकीकडे चर्चमधली स्तोत्रं आणि ऑर्गनचे सूर, दुसरीकडे ढोलांचे बोल, देवदैवतांच्या कथा आणि पूर्वजांच्या नावाने मुखवटे घालून निघणारे एगुंगुन. या मुखवट्यांच्या विधीतूनच काही शतकांपूर्वी ओयोच्या राजदरबारात 'अलारिंजो' नावाचा फिरत्या सोंगाड्यांचा प्रकार जन्माला आला होता. हे सोंगाडे गावोगाव जात, नाचत-गात, राजापासून परक्या व्यापाऱ्यापर्यंत सगळ्यांच्या नकला करत आणि बिदागी घेऊन पुढच्या गावाला लागत. ओगुंडेंनी हे सगळं पोरवयात जवळून पाहिलं. पुढे ते शाळामास्तर झाले, चर्चमध्ये ऑर्गन वाजवू लागले आणि 1941 साली पोलिसात भरती झाले.

पहिलं नाटक त्यांच्याकडून एका नव्या आफ्रिकी चर्चने करवून घेतलं. लागोसच्या आफ्रिकी चर्चांमध्ये तेव्हा देशी चालींवर बायबलमधल्या गोष्टी गाऊन सादर करण्याची पद्धत होती. पण ती गायकवृंदाची बैठक होती. मंडळी झगे घालून ओळीने उभी राहायची, गायची आणि बसायची. ओगुंडेंनी त्यात ढोल आणले, नाच आणला, आणि गायकाला पात्र केलं. देवळाच्या कीर्तनाला रंगमंचावर आणून त्याची वेशभूषा, प्रवेश आणि मारामारीसकट बारी करावी, तसा हा प्रकार होता. चर्चमधल्या जुन्या मंडळींना तो किती रुचला असेल देव जाणे. प्रेक्षकांना मात्र तो फार आवडला.

सुरुवातीचे काही महिने ओगुंडे बायबललाच धरून होते: इस्रायलचे लोक इजिप्तमध्ये, राजा सॉलोमन, नेबुकद्नेझर. पण बाहेर वातावरण तापत होतं. दुसऱ्या महायुद्धात वसाहतीतल्या वस्तूंच्या किमती भडकल्या होत्या, पगार मात्र होते तिथेच होते. 22 जून 1945 रोजी नायजेरियातले रेल्वे, टपाल-तार आणि इतर सरकारी खात्यांतले हजारो कामगार महागाई भत्त्यासाठी संपावर गेले. रेल्वे कामगारांचे पुढारी मायकेल इमूडू हे या संपाचा चेहरा झाले. संप महिनाभराहून जास्त चालला आणि सरकारने राष्ट्रवादी पुढारी न्नामदी अझिकिवे यांच्या वर्तमानपत्रांवर बंदी घातली. ओगुंडेंनी हाच विषय उचलला आणि 'संप आणि भूक' हे नाटक रंगमंचावर आलं. त्याच सुमाराला आलेल्या 'गुन्ह्याहून वाईट' या नाटकात वसाहतवादालाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभं केलं होतं. कालपर्यंत जे पोलीस सहकारी होते, त्यांच्याच खात्याने आता ओगुंडेंना पकडलं. देशाच्या मध्यभागातल्या जोस शहरात 'संप आणि भूक'चा प्रयोग पोलिसांनी बंद पाडला आणि कंपनीला दंड भरावा लागला.

इथे ओगुंडेंचा स्वभाव ध्यानात घ्यायला हवा. ते काही चळवळीतले पूर्णवेळ कार्यकर्ते नव्हते. त्यांच्या कंपनीत नट होते, वाजवणारे होते, आणि सगळ्यांना महिन्याच्या महिन्याला पैसे द्यायचे होते. लोकांच्या मनात जे खदखदतं आहे ते रंगमंचावर आणलं की तिकिटं खपतात, हे त्यांनी पुरेपूर ओळखलं होतं. म्हणून त्यांच्या राजकीय नाटकांना संधिसाधू म्हणायचं का? मला तसं वाटत नाही. तुरुंगाची आणि दंडाची जोखीम घेऊन कुणी नुसता गल्ला मोजत बसत नाही. पण विषय निवडताना प्रेक्षकाची नाडी हातात ठेवायची ही सवय त्यांना शेवटपर्यंत होती, आणि त्यांच्या नाटकांचं बळ तिच्यातच आहे.

1949 च्या नोव्हेंबरात एनुगूजवळच्या इव्हा खोऱ्यात कोळसा खाणीतल्या संपकरी कामगारांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. 21 कामगार मेले. पुढच्याच वर्षी ओगुंडेंचं नाटक आलं, 'भाकरी आणि गोळी'. उत्तरेतल्या कानो शहरात त्यावरून पुन्हा अटक झाली. राजद्रोहाचा बडगा दाखवायचा आणि परवानगीशिवाय भिंतीवर जाहिराती चिकटवल्या असल्या किरकोळ कलमांत अडकवायचं, हे नाटकवाल्यांना नमवण्याचं साम्राज्याचं जुनं तंत्र होतं. मराठी वाचकाला यात नवल वाटायला नको. खाडिलकरांच्या 'कीचकवधा'त लॉर्ड कर्झन ओळखून याच ब्रिटिश साम्राज्याने 1910 साली ते नाटक बंद केलं होतं.

कंपनी म्हटली की पहिली अडचण बायकांची. 1940 च्या दशकात लागोसमधल्या चांगल्या घरातली मुलगी पैसे घेऊन रंगमंचावर नाचणार ही कल्पनाच कुणाला सहन होत नव्हती. ओगुंडेंनी वर्तमानपत्रात नट्या पाहिजेत म्हणून जाहिरात दिली. एकही अर्ज आला नाही. मग त्यांनी शब्द बदलून कारकुनीच्या कामासाठी मुली पाहिजेत अशी जाहिरात दिली, तेव्हा मुली आल्या. आल्यावर त्यांना खरं काम सांगितलं. काही निघून गेल्या, काही थांबल्या. 1946 साली 'वाघाचं साम्राज्य' या नाटकाच्या वेळी पगारी नट्या ही गोष्ट योरुबा रंगभूमीवर पहिल्यांदा उघडपणे जाहीर झाली. नाटकातला वाघ कोण, हे प्रेक्षकांना सांगावं लागत नव्हतं.

पण मुली थांबल्या तरी त्यांचे आईबाप थांबू देत नव्हते, आणि मुलगी कामात तरबेज झाली की लग्न होऊन जायची. यावर ओगुंडेंनी काढलेला तोडगा आज वाचताना माणूस अडखळतो. त्यांनी आपल्या नट्यांशीच लग्नं केली, एकामागून एक. योरुबा समाजात एकाहून अधिक बायका करणं रीतीला धरून होतं, त्यामुळे समाजाने नाक मुरडलं तरी बोट दाखवायला जागा उरली नाही. नाटकात काम करणारी बाई आता कुणाची तरी पत्नी होती. ओगुंडेंच्या बायका गायच्या, नाचायच्या, सॅक्सोफोन वाजवायच्या, कपडे शिवायच्या, दारावर तिकिटं तपासायच्या. मुलं चालू लागली की रंगमंचावर यायची. या बायकांतल्या पहिल्या, क्लेमेंटिना अदेशेवा ओगुंडे, या नायजेरियातल्या पहिल्या व्यावसायिक नट्यांपैकी एक होत्या. 1970 साली प्रयोगाला जाताना इलेशाच्या वाटेवर मोटार अपघातात त्यांचा मृत्यू झाला.

या व्यवस्थेचं कौतुक करावं की तिला नावं ठेवावीत? धंद्याच्या दृष्टीने ती बिनतोड होती. कंपनी फुटली नाही, नट पळाले नाहीत, आणि चाळीस-पंचेचाळीस वर्षं एकाच नावाखाली मंडळ चाललं. समकालीन कंपन्या पाच-दहा वर्षांत विस्कटत होत्या, ते पाहिलं की हे मोठंच वाटतं. पण घर आणि कंपनी एकच झाली की मालकाशी भांडण म्हणजे नवऱ्याशी भांडण. त्या बायकांच्या बाजूने हा इतिहास फारच थोडा लिहिला गेला आहे. नायजेरियन रंगभूमीवर बाई उभी राहिली ती या सौद्यावर, एवढं मात्र नोंदवून ठेवलं पाहिजे.

आता प्रत्यक्ष प्रयोग कसा असायचा ते पाहू. कंपनीचं नाव रंगवलेली गाडी दुपारी गावात शिरायची, ढोल वाजवत गल्ल्यांतून फिरायची. रात्री शाळेच्या सभागृहात किंवा टाउनहॉलमध्ये खेळ. सुरुवातीला 'ओपनिंग ग्ली', म्हणजे आपली नांदी म्हणा, पण बरीच चटकदार. भडक कपड्यांतल्या मुली, नाच, बॅंडवरची गाणी. पुढे येणाऱ्या कथानकाशी त्याचा संबंध असायचाच असं नाही. मग मुख्य नाटक, आणि शेवटी गोष्टीचं तात्पर्य गाऊन सांगणारं समारोपाचं गाणं. आरंभीच्या नाटकांत सगळं गाण्यातूनच चालायचं. पुढे संवाद वाढले, पण ते लिहिलेले नसत. ओगुंडे नटांना प्रवेशाचा सांगाडा सांगायचे आणि नट उत्स्फूर्त योरुबात बोलायचे. गावागावाप्रमाणे विनोद बदलायचा. कायम राहायची ती गाणी. त्यांच्या तबकड्या निघायच्या, छोट्या पुस्तिका छापून दारावर विकल्या जायच्या.

1947 साली ओगुंडे पत्नीसह लंडनला जाऊन आले. तिथे त्यांनी नृत्यशाळेत टॅप डान्सचे धडे घेतले. परत आल्यावर काही काळ त्यांच्या रंगमंचावर जॅझ, सॅक्सोफोन आणि पाश्चात्त्य नाच यांची रेलचेल झाली. कंपनीचं नावही आफ्रिकन म्युझिक रिसर्च पार्टीवरून ओगुंडे थिएटर पार्टी आणि 1950 मध्ये ओगुंडे कॉन्सर्ट पार्टी असं बदललं. त्यांची ही मधली वर्षं मला सर्वांत कमी रंजक वाटतात. चालू फॅशनचा माल विकावा लागतो तसा त्यांनी विकला. पण कंपनी टिकली ती यामुळेच, हेही नाकारता येत नाही.

1960 साली नायजेरिया स्वतंत्र झाला. स्वातंत्र्याच्या सोहळ्यासाठी सरकारने ओगुंडेंकडूनच 'ऐक्याचं गाणं' हे नाटक लिहून घेतलं. चारच वर्षांत तेच ओगुंडे स्वकीयांच्या सरकारचे गुन्हेगार ठरले, आणि त्यांच्या आयुष्यातला सर्वांत गाजलेला अध्याय घडला.

पश्चिम नायजेरिया हा योरुबांचा प्रदेश. ओबाफेमी अवोलोवो हे त्यांचे मोठे पुढारी, आणि सॅम्युएल अकिंतोला हे एकेकाळचे त्यांचे उजवे हात. अवोलोवो केंद्रातल्या राजकारणात गेले तेव्हा प्रदेशाची सूत्रं अकिंतोलांच्या हाती आली. 1962 साली दोघांत फाटलं आणि पक्ष फुटला. 1963 साली अवोलोवोंना राजद्रोहाच्या खटल्यात दहा वर्षांची शिक्षा झाली, आणि त्याच वर्षी पश्चिमेतून मध्य-पश्चिमेचा वेगळा प्रदेश काढण्यात आला. अकिंतोला प्रीमियर, म्हणजे प्रदेशाचे मुख्यमंत्री म्हणून खुर्चीवर होते. 1964 च्या सुरुवातीला ओगुंडेंनी 'योरुबा रोनू' रंगमंचावर आणलं. नावाचा अर्थ, योरुबांनो, विचार करा. गोष्ट एका राजाची. त्याचाच उपप्रमुख शत्रूशी संगनमत करून त्याला कैद करवतो, गादी बळकावतो, लोकांना छळतो, आणि अखेर लोकच त्याला संपवतात. कुणाचंही नाव घेतलेलं नव्हतं. घेण्याची गरजही नव्हती.

मार्च 1964 मध्ये पश्चिम प्रदेशाच्या सरकारने ओगुंडेंच्या कंपनीला आपल्या हद्दीत बंदी केली. बंदी एका नाटकावर नव्हती, ती अख्ख्या कंपनीवर होती. स्वतंत्र नायजेरियात कलाकृतीवर अशी गदा येण्याची ही पहिली वेळ मानली जाते. फटका जबर होता, कारण योरुबा बोलणारं बहुतेक गिऱ्हाईक याच प्रदेशात: इबादान, अबेओकुटा, ओयो, ओशोग्बो, इजेबू-ओडे. खुद्द ओगुंडेंचं ओसोसाही त्यातच. लागोस शहर मात्र केंद्राच्या ताब्यात होतं, म्हणून तिथे पाय रोवता आला. गप्प बसायचं सोडून त्यांनी त्याच वर्षी दुसरं नाटक काढलं, 'ओतितो कोरो', सत्य कडू असतं. 'योरुबा रोनू'चं गाणं तबकडीवर होतंच. सरकारला कंपनीची गाडी अडवता येत होती, ग्रामोफोन अडवणं कठीण होतं.

1965 मध्ये पश्चिम प्रदेशातल्या निवडणुकीत उघड घोटाळे झाले, जाळपोळ उसळली. 15 जानेवारी 1966 च्या लष्करी उठावात अकिंतोला इबादानमध्ये मारले गेले. नाटकाचा शेवट खरा झाला म्हणून लोक ओगुंडेंना द्रष्टा म्हणू लागले. खरं तर त्यांना भविष्य दिसत होतं असं नाही. लोकांचा राग कुठवर आला आहे हे रोज रात्री तिकीट काढून आलेल्या गर्दीकडे पाहून त्यांना कळत होतं, इतकंच. पुढच्याच महिन्यात नव्या लष्करी राजवटीने बंदी उठवली. 1967 साली कॅनडात माँट्रियलला भरलेल्या जागतिक प्रदर्शनात नायजेरियाचं प्रतिनिधित्व करायला ओगुंडेंचीच कंपनी गेली.

तोवर त्यांच्या वाटेवरून पुष्कळ जण चालू लागले होते. कोला ओगुनमोला, 'ओबा कोसो'मुळे परदेशांतही गाजलेले दुरो लाडिपो, आणि 'बाबा साला' या विनोदी पात्रामुळे घराघरांत पोचलेले मोझेस ओलैया. 1980 च्या सुमाराला अशा फिरत्या योरुबा कंपन्यांची संख्या शंभरावर गेली होती. त्यांची संघटना उभी करण्यात आणि तिचं अध्यक्षपद सांभाळण्यातही ओगुंडेच पुढे होते.

साठी ओलांडल्यावर ते सिनेमाकडे वळले. 1979 साली 'आये' आला, दिग्दर्शक ओला बालोगुन. चेटकिणींचा कोप आणि त्यांच्याशी झुंजणारा ओसेतुरा नावाचा वैद्य. ओसेतुरा स्वतः ओगुंडे झाले. त्यापाठोपाठ 1980 मध्ये 'जायेसिमी', 1982 मध्ये 'आरोपिन एनतेनिया', 1988 मध्ये 'आयान्मो'. नायजेरियातली थिएटरं तेव्हा मुख्यतः लेबनीज आणि भारतीय व्यापाऱ्यांच्या हातात होती आणि त्यांत अमेरिकी, हाँगकाँगचे आणि हिंदी सिनेमे लागायचे. योरुबा सिनेमाला तिथे कोण विचारणार? ओगुंडेंनी जुनीच युक्ती वापरली. रिळं आणि प्रोजेक्टर घेऊन त्यांची माणसं नाटकासारखीच गावोगाव फिरली, मिळेल ते सभागृह घेतलं, दारावर आपलीच माणसं उभी केली. रिळं दुसऱ्याच्या हाती दिली की त्यांची नक्कल निघते, ही भीती होतीच.

समीक्षकांना हे सिनेमे फारसे रुचले नाहीत. चेटूक आणि चमत्कार यांचा त्यांत सुकाळ आहे, आणि 1940 च्या दशकात कामगारांचा संप रंगवणारा माणूस इथे कसा आला, असा प्रश्न पडतो. मलाही हे सिनेमे त्यांच्या राजकीय नाटकांच्या तोडीचे वाटत नाहीत. पण 1990 नंतर व्हिडिओवर उभ्या राहिलेल्या नायजेरियन चित्रपटधंद्यात, ज्याला जग आज नॉलीवूड म्हणतं, योरुबा भाषेतली पहिली फळी बरीचशी या फिरत्या कंपन्यांतूनच आली. थेट गिऱ्हाइकाकडे जायचं, मधल्या वितरकाची वाट पाहायची नाही, हा धडा त्यांनी ओगुंडेंकडूनच घेतला होता.

1980 च्या दशकाच्या उत्तरार्धात नायजेरियाचं राष्ट्रीय नाट्य-नृत्यपथक उभं करण्याचं काम सरकारने त्यांच्याकडे सोपवलं, आणि तालमी ओसोसातच झाल्या. शेवटची भूमिका त्यांनी ब्रूस बेरेसफर्ड यांच्या 'मिस्टर जॉन्सन' या इंग्रजी चित्रपटात केली. विषय वसाहतीच्या काळातला, वाट्याला आलेली भूमिका ब्रीमाची. चित्रपट 1990 मध्ये आला, पण ओगुंडेंना तो पाहता आला नाही. 4 एप्रिल 1990 रोजी लंडनच्या इस्पितळात त्यांचं निधन झालं, आणि दफन ओसोसाला झालं.

विद्यापीठांत सोयिंका शिकवले जातात आणि ओगुंडे सहसा शिकवले जात नाहीत, याचं कारण साधं आहे. संवाद कागदावर उतरलेच नाहीत, त्यामुळे अभ्यासक्रमाला लावायला संहिता नाही. उरल्या आहेत त्या गाण्यांच्या पुस्तिका, तबकड्या, चार सिनेमे आणि वर्तमानपत्रांतल्या बातम्या. या सगळ्यातून त्यांचं आयुष्य जुळवून एबुन क्लार्क यांनी 1979 साली त्यांच्यावर इंग्रजीत पुस्तक लिहिलं. आपल्याकडच्या नाट्यअभ्यासकांनी सोयिंकांच्या शेजारी ते जरूर ठेवावं, आणि आपल्याही संगीत नाटक कंपन्यांच्या हिशेबवह्या, जाहिराती आणि पदांच्या पुस्तिका कुणाच्या माळ्यावर पडून असतील तर त्या रद्दीत घालू नयेत.